वीस रुपयांस रुपया : वऱ्हाडातील विक्रीकराचा हिशेब

मूर्तिजापुरातील एखाद्या दुकानाचे छापील बिल पाहिले, तर तळाशी बहुधा दोन ओळी आढळतात : केंद्राचा कर २.५ टक्के, राज्याचा कर २.५ टक्के. बेरीज ५ टक्के. ग्राहक त्या ओळींकडे सहसा पाहत नाही. परंतु विक्रीवर शेकडा पाच कर घेण्याचा अधिकार प्रांताला आहे काय, या प्रश्नावर हिंदुस्थानच्या संघन्यायालयात पहिला मोठा वाद झाला तो १९३८ साली, आणि तो ज्या प्रांताच्या कायद्यावरून झाला त्याच प्रांतात मूर्तिजापूर होते. मध्यप्रांत व वऱ्हाड असे त्या प्रांताचे नाव. #धागा

त्या काळचे मूर्तिजापूर म्हणजे कापसाचे आणि रेल्वेचे गाव. नागपूर-भुसावळ हा मोठा लोहमार्ग येथून जातो. येथूनच अचलपूर आणि यवतमाळ या दोन दिशांना अरुंद रुळांचे फाटे फुटले. हीच पुढे ‘शकुंतला’ म्हणून ओळखली गेलेली गाडी. यवतमाळच्या वाटेवर कारंजा लागते. याच कारंजात १८८६ साली कापसाचा नियंत्रित बाजार स्थापन झाला आणि १८९७ साली वऱ्हाडासाठी कापूस व धान्य बाजाराचा स्वतंत्र कायदा आला. शेतकऱ्याच्या पट्टीतून अडत, दलाली, तोलाई, हमाली किती कापावी याला शिस्त लावणे, हे अशा कायद्यांचे एक प्रमुख काम. तात्पर्य, ‘शेकडा इतके’ ही भाषा वऱ्हाडच्या बाजाराला नवी नव्हती. व्याज शेकड्याने, अडत शेकड्याने. विकलेल्या वस्तूवर सरकारने शेकड्याने वाटा मागणे तेवढे नवे होते.

१९३५ च्या कायद्याने प्रांतांना स्वायत्तता मिळाली आणि १९३७ साली काँग्रेसची मंत्रिमंडळे सत्तेवर आली. पैसा मात्र हाताशी नव्हता. सीमाशुल्क केंद्राकडे, प्राप्तिकर केंद्राकडे, उत्पादनशुल्काचा मोठा भाग केंद्राकडे. प्रांतांकडे उरले ते जमीनमहसूल, मुद्रांकशुल्क आणि दारूवरील कर. दारूबंदी हे तर काँग्रेसचे जाहीर वचन होते. मध्यप्रांत व वऱ्हाडाचा दारूबंदीचा कायदा १९३८ सालचाच. एका हाताने उत्पन्न सोडायचे, तर दुसऱ्या हाताने ते कोठून तरी उभे करणे भागच होते. शेतकऱ्यावर आणखी बोजा घालणे मंत्रिमंडळाला परवडणारे नव्हते. नजर गेली ती मोटारींकडे.

१९३८ च्या १४ व्या कायद्याने या प्रांतात मोटारीचे इंधन आणि वंगणतेल यांच्या किरकोळ विक्रीवर विक्रीमूल्याच्या ५ टक्के कर बसवण्यात आला. कर द्यायचा विक्रेत्याने. तो विक्रेता ती रक्कम भावात मिळवून गिऱ्हाइकाकडून घेणार, हे सर्वांनाच ठाऊक होते. कायद्याच्या भाषेत करदाता एक आणि खिसा दुसऱ्याचा, अशी ही रचना तेव्हापासूनची आहे.

केंद्र सरकारने हरकत घेतली. त्याचे म्हणणे असे : देशात तयार होणाऱ्या मालावरील उत्पादनशुल्क हा केंद्राचा विषय आहे, आणि ते शुल्क माल कारखान्यातून निघाल्यापासून ग्राहकाच्या हाती पडेपर्यंत कोणत्याही टप्प्यावर घेता येते. म्हणून किरकोळ विक्रीवरचा हा कर नावाने विक्रीकर असला, तरी गुणाने उत्पादनशुल्कच होय. प्रांताचे उत्तर सरळ होते. १९३५ च्या कायद्यातील प्रांतिक यादीत ४८ व्या क्रमांकावर ‘मालाच्या विक्रीवरील कर’ असे शब्द स्पष्ट लिहिले आहेत. केंद्राचा अर्थ स्वीकारला तर त्या शब्दांत काहीच शिल्लक राहत नाही. वाद एका प्रांताचा असला, तरी उत्पन्नाचा प्रश्न सर्वांचाच होता, त्यामुळे अन्य प्रांतही मध्यप्रांताच्या बाजूने न्यायालयात उभे राहिले.

गव्हर्नर जनरलने हा प्रश्न सल्ल्यासाठी संघन्यायालयाकडे पाठवला. हे न्यायालय १ ऑक्टोबर १९३७ रोजी स्थापन झाले होते. म्हणजे त्याला जेमतेम वर्ष उलटले होते. सरन्यायाधीश सर मॉरिस ग्वायर, न्यायमूर्ती सर शाह महंमद सुलेमान आणि न्यायमूर्ती मुकुंद रामराव जयकर असे तिघे बसले. तिघांनी आपापली स्वतंत्र मते लिहिली, परंतु निष्कर्ष एकच निघाला. २ डिसेंबर १९३८ रोजी न्यायालयाने सांगितले की, दोन्ही याद्या एकमेकींना धरून वाचल्या पाहिजेत. उत्पादनाच्या अंगाने घेतलेले शुल्क केंद्राचे, विक्रीच्या अंगाने घेतलेला कर प्रांताचा. मध्यप्रांत व वऱ्हाडाचा कायदा वैध ठरला.

आज हा निकाल घटनेच्या अभ्यासक्रमात संघराज्याच्या तत्त्वासाठी शिकवला जातो, आणि ते योग्यच आहे. परंतु तो निघाला होता पेट्रोलच्या पंपावरील शेकडा पाचातून, हे बहुतेकांच्या लक्षात राहत नाही.

दार उघडले. मद्रास प्रांताने राजगोपालाचारींच्या मंत्रिमंडळात १९३९ साली सर्वसाधारण विक्रीकर आणला. बंगालने १९४१ साली, मुंबईने १९४६ साली तीच वाट धरली. ज्या प्रांताने वाद जिंकून दिला होता, त्याचा सर्वसाधारण विक्रीकर आला तो मात्र स्वातंत्र्याच्या अडीच महिने आधी. ‘मध्यप्रांत व वऱ्हाड विक्रीकर कायदा, १९४७’ हा १ जून १९४७ पासून लागू झाला. पेट्रोल जाळणारे थोडे होते. साबण, काडेपेटी आणि भांडी घेणारे सगळेच होते.

येथे हिशेबाची अडचण उभी राहते. ती समजण्यासाठी जुने चलन आठवले पाहिजे. एक रुपया म्हणजे १६ आणे, एक आणा म्हणजे ४ पैसे किंवा १२ पै. म्हणून रुपयाच्या १९२ पै. शंभर या संख्येचा या रचनेशी काहीही संबंध नव्हता. रुपयाच्या मालावर शेकडा ५ कर काढला, तर तो ९.६ पै येतो. सहा दशांश पै हे नाणे कोणत्याही टाकसाळीत पडत नव्हते. दोन रुपयांवर १९.२ पै. पूर्ण आण्यांत उत्तर येण्यासाठी थेट पाच रुपयांपर्यंत जावे लागे. तेथे बरोबर चार आणे होतात. वीस रुपयांवर रुपया. मोठ्या रकमेत टक्का सुबक, लहान रकमेत मात्र त्याचे तुकडे होत. दुर्दैवाने गरिबाची खरेदी लहान रकमेचीच असते.

म्हणूनच त्या काळात विक्रीकराचे दर पुष्कळदा टक्क्यांऐवजी ‘रुपयामागे इतके पै’ किंवा ‘रुपयामागे इतके आणे’ अशा भाषेत सांगितले जात. मद्रासेत रुपयामागे तीन पै हा दर प्रसिद्ध होता. टक्क्यांत हे दर विचित्र दिसतात : रुपयामागे एक आणा म्हणजे ६.२५ टक्के, अर्धा आणा म्हणजे ३.१२५ टक्के, तीन पै म्हणजे १.५६२५ टक्के. पण दुकानदाराच्या तोंडी हिशेबाला ते अगदी सोपे होते, कारण मराठी शाळेत पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी, औटकी अशी अपूर्णांकांची कोष्टके मुलांकडून घोकून घेतली जात. सात रुपयांच्या मालावर रुपयामागे अर्धा आणा काढायचा, तर निमकीत सातापुढे साडेतीन असतातच. साडेतीन आणे. कागद नको, पेन्सिल नको.

रक्कम मोडकी असली की निमकीही थकत असे. माल २ रुपये १२ आण्यांचा असेल, तर रुपयामागे अर्ध्या आण्याने कर होतो १ आणा साडेचार पै. अर्धी पै द्यायची कशी? चाळीसच्या दशकात तर पैचे नाणे पाडणेच थांबले. व्यवहारात उरले सर्वांत लहान नाणे पैसा, म्हणजे तीन पै. मग साडेचार पै म्हणजे एक पैसा की दोन? दुकानदार वर ओढणार, गिऱ्हाईक खाली. दिवसभरातील शंभर गिऱ्हाइकांकडून वर ओढलेले अर्धे-पाव पैसे सरकारजमा होत नसत, कारण सरकार दुकानदाराकडून कर घेत होते तो त्याच्या एकूण उलाढालीवर.

हीच अडचण त्याच सुमारास साता समुद्रापलीकडे अमेरिकेतही होती. तेथे महामंदीच्या काळात अनेक राज्यांनी विक्रीकर बसवले. दहा सेंटांच्या वस्तूवर दोन-तीन टक्के कर म्हणजे सेंटाचा एक क्षुल्लक अंश. १९३५ च्या सुमारास काही राज्यांनी त्यासाठी ॲल्युमिनियमची बिल्ले काढली. एका बिल्ल्याची किंमत सेंटाच्या दशांशाएवढी असे. मिसुरी राज्याने तर दुधाच्या बाटलीच्या झाकणासारखे पुठ्ठ्याचे गोल बिल्लेही वापरले. वऱ्हाडात बिल्ले आले नाहीत. येथे घासाघीस होती.

१ एप्रिल १९५७ रोजी दशमान नाणी आली आणि रुपयाचे शंभर ‘नये पैसे’ झाले. ‘शेकडा’ आणि ‘रुपया’ यांची गाठ प्रथमच सरळ बसली : शेकडा ५ म्हणजे रुपयामागे ५ नये पैसे. परंतु संक्रमणाची काही वर्षे गोंधळाचीच होती. सरकारी कोष्टकाप्रमाणे एक आणा म्हणजे ६ नये पैसे, दोन आणे म्हणजे १२, तीन आणे १९, चार आणे २५. खरे मूल्य आण्याला सव्वासहा. त्यामुळे आण्याच्या वस्तू एकेक करून सोळा वेळा घेणाऱ्याचे ९६ नये पैसे खर्च होत, आणि एकदम सोळा घेणाऱ्याचा पुरा रुपया. उलट तीन आण्यांच्या वस्तूला पाव पैसा जास्त पडे. असा हा पाव पैशांचा खेळ अनेक बाजारांत भांडणाचे निमित्त झाला असणार. १ जून १९६४ पासून नाण्यावरचे ‘नये’ गळाले, आणि पावकी-निमकीही हळूहळू शाळेतून गेल्या.

त्याच काळात राज्यांच्या सीमाही हलत होत्या. १९५० नंतर वऱ्हाड मध्य प्रदेश राज्यात होते, राजधानी नागपूर. १ नोव्हेंबर १९५६ रोजी विदर्भाचे आठ जिल्हे द्वैभाषिक मुंबई राज्यात आले. कायदे मात्र माणसांइतक्या लवकर स्थलांतर करत नाहीत. पुढील तीन वर्षे एकाच राज्यात विक्रीकराचे अनेक कायदे नांदले : जुन्या मुंबई प्रदेशात मुंबईचा, मराठवाड्यात हैदराबादचा १९५० चा, आणि विदर्भात मध्यप्रांत व वऱ्हाडाचा १९४७ चा. मूर्तिजापूरचा व्यापारी आणि हिंगोलीचा व्यापारी एकाच राज्याचे नागरिक. एकाच वस्तूवरील कराचा त्यांचा हिशेब दोन वेगळ्या पुस्तकांतून. ‘मुंबई विक्रीकर कायदा, १९५९’ हा १ जानेवारी १९६० पासून सर्व राज्यभर लागू झाला तेव्हा हे संपले. चार महिन्यांनी महाराष्ट्र जन्मला आणि तोच कायदा त्याने पुढे चालवला.

जुना वऱ्हाडी कायदा मात्र जाता जाता एक मोठा निकाल मागे ठेवून गेला. त्याचे कारण विड्याचे पान.

वऱ्हाडात पानमळ्यांची परंपरा जुनी. अंजनगाव सुर्जीच्या परिसरातील पानमळे आणि ते राखणारा बारी समाज सर्वपरिचित आहे. १९४७ च्या कायद्याला करमुक्त वस्तूंची एक अनुसूची जोडलेली होती. तिच्यात ६ व्या क्रमांकावर ‘भाजीपाला’ होता (सीलबंद डब्यांत विकलेला वगळून) आणि ३६ व्या क्रमांकावर ‘विड्याची पाने’. १९४८ साली कायद्यात दुरुस्ती झाली आणि ३६ वा क्रमांक वगळला गेला. पानावर कर लागू झाला.

अकोल्यातील एका पानव्यापाऱ्याने याविरुद्ध दाद मागितली. युक्तिवाद चतुर होता. विड्याचे पान वेगळ्या नोंदीतून गेले असेल; पण ते वेलीवर येते, हिरवे असते, खाल्ले जाते. शब्दकोशात वनस्पतीपासून मिळणाऱ्या कोणत्याही वस्तूला इंग्रजी कायद्यातला तोच शब्द लागू पडतो. म्हणजे पान हे भाजीपाल्यात मोडते, आणि भाजीपाला तर अद्याप करमुक्तच आहे.

प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले आणि १९६१ च्या मार्चमध्ये निकाल लागला. न्यायालयाने शब्दकोश बाजूला ठेवला. करकायद्यातील शब्द वनस्पतिशास्त्राच्या अर्थाने वाचायचे नसतात. बाजारात विकणारा आणि विकत घेणारा त्यांचा जो अर्थ समजतो, तोच घ्यायचा. परसात किंवा शेतात पिकते आणि जेवणाच्या ताटात येते ती भाजी. जेवणानंतर तोंडात घालतात ते पान. शिवाय विधिमंडळाने दोहोंना आरंभी दोन वेगळे क्रमांक दिले होते, यावरूनच त्याच्या मनात ते वेगळे होते हे दिसते. नागपूरच्या पानव्यापाऱ्यांच्या संघटनेच्या प्रकरणात तेथील उच्च न्यायालयानेही पूर्वी हाच अर्थ लावला होता. निकालात कॅनडातील एका खटल्याचाही आधार घेतला गेला; तेथे खारे शेंगदाणे आणि काजू ही फळे की भाज्या, यावर न्यायाधीशांना डोके शिणवावे लागले होते.

पानव्यापारी हरला. गंमत अशी की निकाल आला तेव्हा ज्या कायद्यावर वाद झाला तो वऱ्हाडातून निघून गेला होता. तत्त्व मात्र टिकले. करकायद्यातील शब्दाचा लोकव्यवहारातील अर्थ कोणता, हा प्रश्न आला की भारतीय न्यायालये आजही अकोल्याच्या पानाकडे वळतात. १९७७ साली पश्चिम बंगालच्या एका प्रकरणात हिरवे आले हे भाजीपाल्यातच मोडते, असे सर्वोच्च न्यायालयाने ठरवले तेही याच कसोटीवर. बाजारकरीण जिला भाजी म्हणते ती भाजी, इतके साधे हे सूत्र आहे. ते देशाच्या सर्वोच्च न्यायासनाकडून लिहून घेण्यासाठी एका व्यापाऱ्याला आपला कर भरावा लागला.

पानाचा हा वाद चालू असतानाच पानातल्या तंबाखूचे भाग्य वेगळे निघाले होते. १९५७ च्या अखेरीस केंद्राने गिरणीचे कापड, साखर आणि तंबाखू या तीन वस्तूंवर अतिरिक्त उत्पादनशुल्क बसवले आणि त्याचा वाटा राज्यांना देण्याचे ठरवले. बदल्यात राज्यांनी या वस्तूंवरील विक्रीकर सोडला. कर गेला नव्हता, तो कारखान्याच्या दारात सरकला होता. पण दुकानाच्या बिलात तो दिसेनासा झाला. वऱ्हाडाचा कापूस गिरणीत जाऊन साडी किंवा धोतर होऊन परत येई, तेव्हा मूर्तिजापूरच्या कापडदुकानात त्यावर वेगळा विक्रीकर आकारला जात नसे. १९३८ साली केंद्र आणि प्रांत ज्या रेषेवर भांडले होते, ती रेषा तीन वस्तूंपुरती दोघांनी आपसांत मिटवून टाकली.

ग्राहकाच्या हिशेबाला खरे वळण मिळाले ते १९९० साली. त्यापूर्वी वेष्टणावर ‘स्थानिक कर वेगळे’ असे छापून उत्पादक मोकळा होऊ शके. स्थानिक कर किती, हे दुकानदार सांगेल तेवढे. नियम बदलला आणि वेष्टणावर सर्व करांसह कमाल किरकोळ किंमत छापणे बंधनकारक झाले. घासाघीस संपली, आणि तिच्यासोबत कर मोजण्याची गरजही. गिऱ्हाईक किंमत देऊ लागले. तिच्यात कर किती, हे विचारण्याचे कारण राहिले नाही.

विचारले तरी पुष्कळदा उत्तर चुकते. कर जोडणे आणि जोडलेल्या किमतीतून कर वेगळा काढणे या दोन निराळ्या क्रिया आहेत. १०० रुपयांवर १८ टक्के कर जोडला की ११८ होतात. पण ११८ रुपये किमतीत कर किती, असे विचारताच अनेक जण ११८ चे १८ टक्के काढतात, म्हणजे २१ रुपये २४ पैसे. ते चूक. कर १८ रुपयेच. ११८ ला ११८ ने भागून १८ ने गुणायचे. पाच टक्क्यांचे सूत्र तर तोंडीच येते. वर जोडताना वीस रुपयांस रुपया, आणि छापील किमतीतून काढताना एकवीस रुपयांत रुपया.

दुसरा दोष होता करावर कर बसण्याचा. समजा, लोखंडी पेटी कारखान्यातून १,००० रुपयांस निघाली, वर १० टक्के कर. ठोक व्यापाऱ्याला ती ११०० ला पडली. त्याने आपले १०० मिळवून १,२०० वर पुन्हा १० टक्के घेतले, तर किंमत १,३२०. या १२० रुपये करात १० रुपये आधीच्या करावरचा कर आहे. मूल्यवर्धित कराची कल्पना फ्रान्सने १९५४ साली अमलात आणली ती हे टाळण्यासाठी. आधी भरलेल्या कराची वजावट मिळाली, की व्यापारी ११०० वर ११० कर लावतो, त्यातून १०० वजा करून १० रुपये सरकारला भरतो, आणि पेटी १,२१० ला मिळते. महाराष्ट्रात ही पद्धत १ एप्रिल २००५ पासून आली. ४ आणि १२.५ टक्के हे तिचे मुख्य दर. १ जुलै २०१७ रोजी वस्तू व सेवा कर आला, आणि बिलाच्या तळाशी त्या दोन ओळी उमटल्या.

केंद्राची अर्धी, राज्याची अर्धी. १९३८ साली ग्वायर, सुलेमान आणि जयकर यांनी आखलेली सीमा घटनेच्या १०१ व्या दुरुस्तीने पुसली गेली. आता एकाच विक्रीवर दोघेही कर घेतात. पेट्रोल मात्र या व्यवस्थेच्या बाहेरच राहिले. ज्या वस्तूवरून वाद पेटला, तिच्यावर राज्य आजही आपला स्वतंत्र विक्रीकर घेते. कापसाचीही तऱ्हा वेगळी : शेतकऱ्याकडून कच्चा कापूस घेताना ५ टक्के कर विकणारा शेतकरी भरत नाही, तो नोंदणीकृत खरेदीदाराने, म्हणजे जिनिंगवाल्याने, भरायचा असतो.

आणि विड्याचे पान? नव्या कराच्या यादीत ते करमुक्त वस्तूंमध्ये आहे, भाजीपाल्याहून वेगळ्या क्रमांकावर. तंबाखूच्या पुड्या सर्वांत वरच्या दराच्या पायरीवर आहेत.